जप्त ट्रॅक्टर कोणी नेला?

१

सुट्ट्या संपून ऑफिस उघडलं की पहिला तास चहाचा, हा आमच्या तहसीलचा कायदा. त्या सोमवारी तो मोडला, कारण पाणीच नव्हतं. माठ कोरडे, टाकी कोरडी, आणि कॅन्टीनवाली नलू कमरेवर हात ठेवून जो भेटेल त्याच्यावर तोंड सोडत होती. "दसऱ्यापासून टँकर नाही. घरून डोक्यावर गुंडभर पाणी आणलं, ते सायबाच्या खोलीत गेलं. आता मी काय थुंकीचा चहा करू?"

मी मारोतराव, ऑफिसच्या जीपचा ड्रायव्हर. आमचा तालुका वणीकडचा. नाव सांगत नाही, नोकरी अजून शिल्लक आहे. एवढं सांगतो की नदी जवळ आहे, नदीत रेती आहे, आणि रेती आहे म्हणून आमच्या जुन्या रेकॉर्ड रूमच्या मागं जप्त ट्रॅक्टर-टिप्परची जत्रा भरलेली असते. गाडी एकदा आत आली की तिथंच सडते. दंड इतका असतो की जुना ट्रॅक्टर सोडून दिलेला परवडतो. गुन्हा कबूल करायचा, दंड भरायचा आणि प्रकरण मिटवायचं, अशी तडजोड करून गाडी सोडवून नेणारा माणूस मी इतक्या वर्षांत क्वचितच पाहिला.

त्या दिवशी असं एक माणूस आलं. इंदूबाई. पदर कमरेला खोचलेला, हातात प्लास्टिकच्या पिशवीत गाडी सोडायचा एसडीओ साहेबांचा आदेश. उन्हाळ्यात घरकुलाच्या जोत्यासाठी एक ट्रॉली रेती आणताना तिचा निळा ट्रॅक्टर धरला होता. तिनं गुन्हा कबूल केला, दंड भरला, हमीपत्र लिहून दिलं. कशासाठी, तर पोरासाठी. तिचा अक्षय वनरक्षकाच्या भरतीत निवडला गेला होता. पोलिसांची चारित्र्य पडताळणी तेवढी बाकी होती, आणि घरावर कसलाच डाग राहू नये म्हणून माउलीनं हे केलं होतं.

चौकीदार उकंडानं पुढं होऊन वाट दाखवली. खनिज शाखेचा बाबू इंद्रजित, मी आणि इंदूबाई त्याच्या मागं. एकेका गाडीभोवती कमरेएवढं गाजरगवत माजलेलं. एका टिप्परच्या चाकात तर बाभूळ उगवलेली. त्या सगळ्या जंगलातून कोपऱ्यापर्यंत गेलो आणि थांबलो.

कोपरा रिकामा होता. तिथं अंगणासारखी साफ, टणक जमीन होती आणि तेलाचे काळे ठिपके.

"माया ट्रॅक्टर?" इंदूबाई म्हणाली. मग तिचा आवाज चढला. "मी विचारून राह्यली, माया ट्रॅक्टर कुठी आहे?"

आवाज ऐकून तहसीलदार साहेब स्वतः आले. त्यांना काही विचारायच्या आधीच इंद्रजितनं घसा साफ केला. "साहेब, दसऱ्याला हिचा पोरगा इथं आला होता. उकंडाले विचारा."

उकंडानं मान खाली घातली. "आलता साहेब. नारळ घेऊन आलता."

"झालं तर मग," साहेब सगळ्यांदेखत म्हणाले. "चोर घरचाच आहे. आईनं दंड भरला खरा, पण पोराला दम निघाला नाही. आता तडजोड गेली उडत. उद्या संध्याकाळच्या आत अक्षयच्या नावानं ठाण्यात तक्रार गेली पाहिजे."

इंदूबाई मटकन खाली बसली. मला वाटलं रडेल. ती रडली नाही. साहेबांकडं बघून म्हणाली, "साहेब, ट्रॅक्टर गेला तं जाऊ द्या. पोराले चोर नका म्हणू. त्याची नोकरी जाईन."

२

तक्रार लिहायचं काम आलं नायब तहसीलदार प्रेरणा मॅडमकडं. बाई दिग्रसची, महिनाभरापूर्वी बदलून आलेली. बोलणं कमी, बघणं जास्त. टेबलावर पाण्याची बाटली घरून आणलेली आणि शेजारी फुटाण्यांची पुडी. संशयाच्या बाबतीत मात्र तिच्याइतकं उदार माणूस नाही. ती कोणालाच वगळत नाही.

पहिला नंबर माझा लागला.

"मारोतराव, दसऱ्याला कुठं होता?"

"मी?" माझी कानशिलं तापली. "मॅडम, वीस वर्षं जीप चालवतो. एक खिळा घरी नेला नाही!"

"मी खिळ्याचं विचारलं नाही. या ऑफिसात ट्रॅक्टर चालवता येणारे किती आहेत?"

मान्य करावं लागलं की मला येतो. साहेबांना येत नाही. इंद्रजितला येतो, त्याच्या घरी शेती आहे. उकंडाला बैलगाडीसुद्धा धड येत नाही. दसऱ्याला मी बायकोला घेऊन सासुरवाडीला गेलतो, हे सांगितलं. सासऱ्यांचा फोन नंबर तिनं मागून घेतला. असा राग आला म्हणता! सासऱ्यांना फोन गेला तर गावभर बोंब होणार की जावई चोरीत सापडला.

मग उकंडा. त्याचं म्हणणं सरळ होतं. आवाराला चारी बाजूंनी भिंत, फाटक एकच, किल्ली त्याच्या करगोट्याला. दसऱ्यालाही तो फाटकावरच होता.

"जप्तीतला ट्रॅक्टर चोरून कोणी नेला?"

"चोरून कोणी नाही नेला मॅडम. मायी आन."

"मग हवेत विरला?"

उकंडाची बोटं सारखी किल्लीवर फिरत होती. त्यानं एकदा इंद्रजितच्या टेबलाकडं बघितलं आणि लगेच नजर वळवली. मला वाटलं, घ्या, डाळीत काहीतरी काळं आहे. म्हातारा पैसे खाऊन बसला.

इंद्रजित आपणहून आला. गोरागोमटा, इस्त्रीचा शर्ट, बोलण्यात साखर. "मॅडम, कशाला डोकं शिणवता? पोरगा आला होता, ट्रॅक्टरची चावी त्याच्या घरी दुसरी असणारच. उकंडा डुलकी घेत असेल. तक्रारीचा मसुदा मी करून ठेवला आहे. तुमची सही तेवढी."

"इतक्या लवकर?"

"कामात उशीर मला चालत नाही."

मॅडमनं मसुदा घेतला, वाचला आणि पाण्याच्या बाटलीखाली दाबून ठेवला. "उद्या संध्याकाळपर्यंत वेळ आहे," ती म्हणाली. इंद्रजित हसला, पण ते हसू तोंडाच्या अर्ध्याच भागात आलं.

तो गेल्यावर ती मला म्हणाली, "मारोतराव, जीप काढा. त्या पोराला बघू."

३

अक्षय घरी नव्हता. घरकुलाच्या अर्धवट जोत्यावर इंदूबाई एकटी बसली होती. ठाण्यातले हिरासिंग जमादार ऑफिसातला बोभाटा ऐकून नुकतेच येऊन पोराला घेऊन गेले होते. पडताळणीचा कागद त्यांच्याच टेबलावर, आणि आता हे. आम्ही ठाण्यात गेलो. अक्षय बाकावर बसला होता. उंच, काटक, धावून धावून पोटऱ्या दोरखंडासारख्या झालेल्या. रागानं नाकपुड्या फुललेल्या.

"दसऱ्याला कायले गेला होतास?" मॅडमनं विचारलं. तिची भाषा दिग्रसवर आली की समजावं, ती आता कान देऊन ऐकते आहे.

"पूजा कराले. दसऱ्याले घरचं यंत्र पूजल्याशिवाय राह्यते का कोणी? ट्रॅक्टर जप्त झाला म्हणून काय सवतीचा झाला? मायनं नारळ देल्ला, झेंडूचा हार देल्ला. सकाळीच गेलतो. हळद-कुंकू लावलं, हार बांधला, नारळ फोडला, उकंडाकाकाले खोबरं देल्लं आन आलो."

"ट्रॅक्टर होता?"

"होता ना! हार काय हवेत बांधला?" मग त्याच्या कपाळावर आठी आली. "एक सांगू का मॅडम? उन्हाळ्यापासून उभा असलेला ट्रॅक्टर. सीटवर धूळ नव्हती. मांगच्या हूकचा पिन घासून चकचकीत झालता. मले वाटलं, उकंडाकाका पुसत असतीन. चांगलं वाटलं मले."

हिरासिंग जमादार मिशीतून म्हणाले, "मॅडम, पोरगा बरा दिसतो. पण तुमच्या ऑफिसची तक्रार आली की मले लिहाच लागते. पडताळणीच्या कागदावर एकच ओळ असते. गुन्हा आहे की नाही. आहे लिहिलं की खलास."

"तक्रार अजून आलेली नाही ना?"

"नाही."

"मग त्याला घरी जाऊ द्या."

जमादारांनी त्याला जाऊ दिलं, पण गाव सोडायचं नाही या अटीवर. परत येताना मी मॅडमला म्हटलं, "पोरगा खोटं बोलत असेल तर? धूळ नव्हती म्हणे! चार महिने उभ्या गाडीवर धूळ नाही, असं कुठं होतं?"

"तेच मी विचार करून राह्यले," ती म्हणाली. "खोटं बोलायचं असतं तर याहून सोपं बोलला असता."

ऑफिसच्या पायरीवर किसनराव भेटले. रेतीचे मोठे व्यापारी, पांढरेशुभ्र कपडे. हातात आपट्याची पानं. दसरा होऊन गेला तरी अधिकाऱ्यांना सोनं वाटत फिरायची त्यांची पद्धत. त्यांच्या स्वतःच्या गाड्या आमच्या आवारात कधीच नसतात, हेही एक नवलच.

"मॅडम, सोनं घ्या. एक शंका होती. एका ओळखीच्याचा ट्रॅक्टर शेजारच्या तालुक्याच्या पथकानं धरला. नंबरप्लेट नाही, ड्रायव्हर पळून गेला. आता मालक म्हणून कोणी उभा राहिला, गुन्हा कबूल केला, दंड भरला, तर सुटतो ना?"

"कागद बघतील."

"कागदाचं होते हो," किसनराव हसत म्हणाले आणि सरळ इंद्रजितच्या टेबलाकडं गेले. दोघं बराच वेळ हळू आवाजात बोलत होते. मी कागद ठेवायच्या निमित्तानं जवळून गेलो, तर दोघंही एकदम पावसाबद्दल बोलू लागले. आकाशात ढगाचा तुकडा नव्हता.

४

दुसऱ्या दिवशी सगळं ऑफिस एकमेकांकडं तिरकं बघत होतं. सासऱ्यांना फोन गेलाच होता, त्यामुळं मी मॅडमशी बोलत नव्हतो. नलू म्हणत होती, उकंडाचं काम. उकंडा कोणाशीच बोलत नव्हता. इंद्रजित आला तोच अर्ध्या दिवसाची रजा मागत. सासू दवाखान्यात आहे म्हणे. मॅडमनं लगेच मंजूर केली. मला तर वाटलं बाईनं हात टेकले.

दुपारचं ऊन चढलं. मॅडम पुन्हा त्या रिकाम्या कोपऱ्यात जाऊन उभी राहिली होती. मी सावलीत उभा. ती वाकून जमीन बघत होती.

"मारोतराव, बाकी सगळ्या गाड्यांभोवती गवत किती?"

मी नाइलाजानं बोललो. "कमरेएवढं."

"आणि इथं काडी नाही. पावसाळाभर ट्रॅक्टर इथं उभा असता तर चाकांभोवती रान माजलं असतं. इथं चाक सारखं फिरत होतं."

"पण गाडी चोरून कोणी नेलीच नाही म्हणतो उकंडा."

ती परत फिरली. ऊन भयंकर होतं, तिची बाटली कधीच संपली होती. फाटकाजवळ उकंडाच्या खोलीपाशी तिनं हाक मारली, "उकंडाकाका, घोटभर पाणी द्या."

म्हातारा ओशाळला. "पाणी नाही ना मॅडम. दसऱ्यापासून ट्रॅक्टर नाही तं पाणी कुठून आणू?"

मॅडम जागीच थांबली. "कोणता ट्रॅक्टर?"

"पाण्याचा. आपल्या बोअरचं पाणी दातं खराब करते, म्हणून पल्याडच्या गावच्या विहिरीवरून टँकर येते ना एक दिवसाआड. तो ट्रॅक्टर."

"आणि तो पाण्याचा ट्रॅक्टर उभा कुठं राहतो?"

उकंडानं करगोट्याची किल्ली मुठीत धरली. तोवर मला कळून चुकलं होतं. टँकर ओढणारा तो निळा ट्रॅक्टर मी एक दिवसाआड बघत होतो. बोनेटवर ओलं पोतं टाकलेलं, नंबरप्लेट नाही. इकडं अर्ध्या ट्रॅक्टरांना नंबरप्लेट नसतेच. त्यामुळं कधी डोक्यात आलंच नाही.

"मांगं," उकंडा शेवटी म्हणाला. "जप्तीतल्या गाड्यांत."

५

काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात, ते हेच. इंदूबाईचा ट्रॅक्टर पावसाळ्याच्या सुरुवातीपासून आमच्याच फाटकातून, आमच्याच डोळ्यांदेखत, एक दिवसाआड बाहेर जात होता, आणि आम्ही सगळे त्याचं पाणी पीत होतो.

"तुम्ही सांगितलं का नाही?" मॅडमचा आवाज पहिल्यांदा चढला.

"काय सांगू?" उकंडाच्या डोळ्यांत पाणी आलं. "इंद्रजितबाबू म्हणे, गाडी आता सरकारजमा झाली, साहेबाचा हुकूम आहे, सरकारी पाणी आणाले वापराची आहे. मले वाटलं, सगळ्यांले माहीत आहे. सारेच तं पेत होते. मंग काल तुमी विचारलं, चोरून कोणी नेला. चोरून नाही ना नेला! मी सोता फाटक उघडलं. मंग वाटलं, मोठ्या लोकाचं काही चालू आहे, आपण बोललो तं आपल्याच गळ्यात येईन."

"दसऱ्याला कोणी नेला?"

"टँकरवरचा रोजचाच ड्रायव्हर. फकिरा. अक्षय पूजा करून गेला, त्याच्या मांगून तो आला. म्हणे, दसरा आहे, गाडी धुवाले नेतो."

"टँकर नेला?"

"नाही. टँकर तं तिथं दगडावर टेकवून आहे. मले बी नवल वाटलं मॅडम. गाडी आधी धुतात, मंग पूजतात. पूजा झालेली गाडी धुवाले कोण नेते? हळद-कुंकू पाण्यात जाईन ना. पण म्हटलं, आपल्याले काय."

मॅडम थेट जीपमध्ये येऊन बसली. "शेजारच्या तालुक्याच्या तहसीलला घ्या. लवकर."

मी गाडी काढली, पण तोंड आवरेना. "मॅडम, फकिरानं विकला असेल ट्रॅक्टर. नाहीतर कुठं उलटला असेल. तिकडं कशाला?"

"विकला असता तर इंद्रजितनं दुसऱ्या दिवशी दुसरा ट्रॅक्टर टँकरला जोडला असता. म्हणजे पाणी आलं असतं आणि कोणाला शंका आली नसती. मोडला असता तरी तेच केलं असतं. त्यानं तसं केलं नाही. का? कारण त्याला रोज वाटत होतं की हाच ट्रॅक्टर आज परत येईल, उद्या येईल. कोपरा भरला की काम झालं. म्हणजे तो अशा जागी आहे जिथून तो परत आणता येऊ शकतो, पण लगेच आणता येत नाही."

"अशी जागा कोणती?"

"आपल्या आवारासारखी," ती म्हणाली.

मग माझ्या डोक्यात किसनरावांची ती शंका लख्ख उजेडासारखी पडली. ओळखीच्याचा ट्रॅक्टर. नंबरप्लेट नाही. ड्रायव्हर पळालेला. मी ॲक्सिलरेटरवर पाय दाबला.

६

शेजारच्या तहसीलच्या आवारातही तशीच जत्रा. पुढच्याच रांगेत निळा ट्रॅक्टर, मागं रेतीनं भरलेली अनोळखी ट्रॉली. बोनेटला सुकलेला झेंडूचा हार लोंबत होता आणि रेडिएटरवर हळद-कुंकवाची बोटं तशीच होती. मॅडमनं ओल्या रुमालानं चेसिसवरचा चिखल पुसला आणि इंदूबाईच्या आदेशावरचा नंबर ताडून बघितला. एकेक आकडा जुळला.

आत व्हरांड्यात बाकावर दोन माणसं बसली होती. एक पांढऱ्या कपड्यांतले किसनराव. दुसरा आमचा इंद्रजित. समोरच्या बाबूला तो गोड आवाजात समजावत होता, की ट्रॅक्टर यांचाच आहे, कागद घरी राहिले, गुन्हा कबूल आहे, दंड आत्ताच भरतो, तडजोड करून मोकळं करा.

"इंद्रजित," मॅडम म्हणाली, "सासूबाई इथंच भरती आहेत का?"

त्याच्या हातातला पेन खाली पडला. किसनराव उठले आणि चपला शोधायला लागले, पण मी दारात उभा होतो. माझं वजन माझ्या सासऱ्यांनाही माहीत आहे.

मॅडमनं तिथल्या नायब तहसीलदारांसमोर सगळं सांगितलं, फुटाणे खाता खाता सांगावं तसं. "जप्त ट्रॅक्टर हा रेतीसाठी सगळ्यात सोयीचा ट्रॅक्टर. कागदोपत्री तो आवारात उभा, मग नदीवर दिसला तरी तो तो नाहीच. सकाळी टँकर घेऊन निघायचा. टँकर विहिरीवर सोडायचा, किसनरावांची ट्रॉली जोडायची, खेपा करायच्या, आणि संध्याकाळी पाणी घेऊन परत. इतक्या जवळच्या विहिरीवरून पाणी आणायला दिवस का लागतो, हे आमच्या ऑफिसात कोणीही विचारलं नाही. फुकटच्या पाण्याची चौकशी कोण करतो? दसऱ्याला सुट्टी म्हणून टँकरचं नाटकही केलं नाही, आणि तिथंच तुमच्या पथकानं धरला. तोपर्यंत इंदूबाईचा आदेश निघाला होता. इंद्रजितला वाटलं नव्हतं की कोणी तडजोड करून गाडी सोडवील. सोडवतच नाही कोणी. म्हणून त्यानं एका पोराचं नाव पुढं केलं."

"पुरावा काय?" इंद्रजित ओरडला. "मी फक्त मदतीला आलो! हार काय, कोणीही बांधतो!"

"बरोबर. पण तुम्ही आत्ता या साहेबांना सांगितलं की ट्रॅक्टर किसनरावांचा आहे. आणि काल मला लिहून दिलंत की तो अक्षयनं चोरला. दोन्ही ट्रॅक्टरांचा चेसिस नंबर एकच आहे. आता कोणतं खोटं ते तुम्हीच सांगा."

तो खाली बसला. किसनरावांनी त्याच्याकडं असं बघितलं की जन्मात ओळख नसावी. "मले म्हणाला गाडी सरकारनं भाड्यानं देल्ली," ते म्हणाले. "मले काय माहीत?" कुंपणानंच शेत खाल्लं होतं, आणि शेजारी म्हणत होता मी तर फक्त पेंढा नेला.

मला वाटलं, संपलं. तेवढ्यात तिथले नायब तहसीलदार चष्मा पुसत म्हणाले, "हे सगळं ठीक. पण हा ट्रॅक्टर माझ्या पथकानं रेतीसकट धरला आहे. नवा गुन्हा आहे. मालकीण कोण? इंदूबाई? मग तिलाच पुन्हा तडजोड करावी लागेल. नाहीतर ट्रॅक्टर हलणार नाही, आणि गुन्हा तिच्या घरावर राहील."

७

इंदूबाई आणि अक्षय संध्याकाळच्या आत तिथं आले. हिरासिंग जमादारांनीच त्यांना ठाण्याच्या जीपमध्ये बसवून आणलं. साहेबही आले. त्यांना मॅडमनं फोनवर काय सांगितलं माहीत नाही, पण येताना त्यांचा चेहरा आंबट झाला होता.

इंदूबाईनं सगळं ऐकलं. नवा गुन्हा ऐकला. मग तिचा बांध फुटला. "मी एक ट्रॉली रेती आणली, तं कबूल केलं, भरलं. आता तुमी माया ट्रॅक्टरनं नदी उपसली, तं तेही मीच कबूल करू? पोराची नोकरी मीच घालवू? ट्रॅक्टर ठेवून घ्या तुमचा! मले नको!"

अक्षयनं तिचा हात धरला. त्याच्या डोळ्यांत असं काही होतं की मला खाली बघावं लागलं.

"इंदूबाई कबूल करणार नाही," प्रेरणा मॅडम म्हणाली. "धरला तेव्हा ट्रॅक्टर तिच्या ताब्यात नव्हताच. जप्तीपासून तो आमच्या ताब्यात होता. दंड किसनराव आणि इंद्रजित भरतील, त्यांची चौकशीही होईल. पण गाडी कोणाकडून बाहेर गेली, हे कबूल करायला ज्याचा ताबा त्यालाच उभं राहावं लागेल."

सगळ्यांनी साहेबांकडं बघितलं. साहेबांनी इकडं बघितलं, तिकडं बघितलं. "प्रेरणा, हे ऑफिसात बसून बघू ना."

"साहेब, कालची तक्रार तुम्ही ऑफिसात बसून नाही, सगळ्यांदेखत सांगितली होती."

शेवटी साहेब त्या बाबूच्या टेबलासमोर जाऊन उभे राहिले, जिथं थोड्या वेळापूर्वी किसनराव बसले होते. मी आयुष्यात पहिल्यांदा तहसीलदाराला दुसऱ्या तहसीलच्या बाबूसमोर उभं राहिलेलं बघितलं. बाबूनं सवयीनं विचारलं, "गुन्हा कबूल आहे?" साहेबांनी घाम पुसला आणि म्हणाले, "कबूल आहे."

जमादारांनी मिशी पुसली आणि खिशातून तो पडताळणीचा घडी घातलेला कागद काढून टेबलावर पसरला. पेनचं टोपण उघडलं. "मॅडम, हे आजच पाठवाचं आहे. अक्षयच्या नावासमोर काय लिहू? काही गुन्हा?"

"नाही," प्रेरणा मॅडम म्हणाली. "गुन्हा आहे, पण तो आमच्यावर आहे. त्याच्यावर काही नाही."

जमादार लिहू लागले. इंदूबाई पुढं सरकली, पदर डोक्यावर घेतला आणि साहेबांच्या अगदी जवळ येऊन उभी राहिली.

"मॅडम," ती म्हणाली, "तेवढं पुन्हा एकदा सांगा ना. जरा जोरानं."